सात सेकंदांचा पुरावा

जुन्या चित्रफिती आजच्या चित्रपटात वापरायच्या म्हणजे नेमकं काय करायचं, हा आपला आजचा विषय. त्यासाठी आम्ही सात सेकंदांचं एकच दृश्य निवडलं आहे. मालगाडीच्या डब्याचं दार अर्धवट उघडं आहे. फटीत एक लहान मुलगी, डोक्याला पांढरं फडकं. ती बाहेर बघते आहे. एवढंच.

स्थळ नेदरलँड्समधली वेस्टरबोर्क छावणी. 1942 ते 1944 या काळात सुमारे एक लाख माणसं इथून गाड्यांत भरून पाठवली गेली. त्यांतल्या बहुतेकांचा शेवट ऑशविट्झ किंवा सोबिबोरला झाला. ही मुलगी 1956 च्या अलँ रेने यांच्या 'नाइट अँड फॉग' या माहितीपटात दिसते. पुढे ती इतक्या ठिकाणी वापरली गेली की ज्यूंच्या संहाराचा चेहराच होऊन बसली. नाव मात्र कुणालाच ठाऊक नव्हतं, आणि खरं सांगायचं तर फारसं कुणी विचारलंही नाही. 1994 मध्ये आद वाखनार या डच पत्रकारानं ते शोधून काढलं. डब्यांवरचे आकडे, गाडीच्या याद्या, आणि त्याच डब्यातून गेलेल्या पण वाचलेल्या एका बाईची आठवण, असा त्याचा शोध चालला. मुलगी होती सेटेला स्टाइनबाख, वय नऊ. ज्यू नव्हे, सिंती, म्हणजे ज्यांना लोक 'जिप्सी' म्हणत त्यांतली. त्याच उन्हाळ्यात ती ऑशविट्झमध्ये मारली गेली.

आता बघा, पन्नास वर्षं सगळं डोळ्यांसमोर होतं आणि तरी चुकलं. का? चित्रफितीला आपण प्रत्यक्ष प्रमाण मानतो, म्हणून. डोळ्यांनी पाहिलं, संपलं! आमच्या मते ती प्रत्यक्षापेक्षा शब्दप्रमाणाला जवळची आहे. कुणीतरी कुणासाठी तरी काही सांगतो आहे. नैयायिक अशा वेळी पहिला प्रश्न विचारतील, सांगणारा आप्त आहे का? त्याच्यावर विश्वास ठेवावा असा तो आहे का?

इथे सांगणारे दोन आहेत. चित्रण करवून घेतलं छावणीचा प्रमुख आल्बर्ट गेमेकर यानं, 1944 च्या वसंतात. छावणी किती कामाची आहे, हे त्याला दाखवायचं होतं. कॅमेरा धरला होता रुडॉल्फ ब्रेसलाउअर यानं. तो व्यवसायानं छायाचित्रकार आणि त्याच छावणीतला ज्यू कैदी. त्याच वर्षी त्यालाही गाडीत बसवण्यात आलं. तो परतला नाही.

अशा फितीचं आज काय करायचं? एक वाट पीटर जॅक्सन यांची. 'दे शॅल नॉट ग्रो ओल्ड' (2018) मध्ये त्यांनी पहिल्या महायुद्धाची जुनी दृश्यं घेतली, वेग सारखा केला, रंग भरले, ओठांच्या हालचाली वाचणाऱ्या तज्ज्ञांकडून सैनिक काय बोलत असतील ते काढून आवाज दिले. परिणाम जबरदस्त आहे, नाकारून चालणार नाही. पण रंग आणि आवाज आले की कॅमेऱ्यामागचा माणूस नाहीसा होतो. आपण थेट खंदकात उभे आहोत असं वाटतं, आणि मग हे कुणी, कुणाच्या परवानगीनं टिपलं, हे विचारायचं सुचतच नाही.

हारून फारोकी यांनी 2007 च्या 'आउफशुब' मध्ये उलट केलं. आउफशुब म्हणजे मुदतवाढ. वेस्टरबोर्कचीच फीत, काळीपांढरी, संगीत नाही, निवेदन नाही. मधूनमधून फक्त लिखित पाट्या. दृश्य येतं, थांबतं, पुन्हा येतं. हातगाडीवरून एका बाईला नेत आहेत, सोबत तिची बॅग. दृश्य मोठं केलं की बॅगेवरचं नाव आणि जन्मतारीख दिसते. छावणीच्या याद्यांशी ती ताडून बघितली तेव्हा दिवस नक्की झाला: 19 मे 1944. कैदी शेतात काम करतात, दुपारी गवतावर आडवे होतात. फारोकी फक्त लिहून आठवण करून देतात की पडलेल्या माणसांची दुसरी दृश्यंही आपण पाहिली आहेत, बर्गन-बेल्झनची. त्यांना एवढंच पुरतं.

फलाटावरची काही माणसं हसत आहेत. एक जण स्वतःच्याच डब्याचं दार ओढून लावायला मदत करतो. गेमेकरला जे दाखवायचं होतं त्यात हे बसतं: सगळं शिस्तीत, कुणी रडत नाही. पण कॅमेरा मागवणाऱ्याच्या हुकमापेक्षा जास्त टिपून जातो. गाडीतला जवळून दिसणारा चेहरा एकच, सेटेलाचा. त्या चेहऱ्यावर जे दिसलं त्यानंतर ब्रेसलाउअरनं दुसऱ्या कुणाच्या इतकं जवळ जायचं टाळलं असावं, असा फारोकींचा तर्क आहे. तर्कच तो, आणि ते तसंच सांगतात. आम्हांला हे फार मोलाचं वाटतं.

गेमेकरला 1949 मध्ये दहा वर्षांची शिक्षा झाली. पाठवलेल्या माणसांचं पुढे काय होतं हे आपल्याला माहीत नव्हतं, असं त्याचं न्यायालयात म्हणणं होतं. त्यानंच काढून घेतलेल्या फितीत तो स्वतः आहे. फलाटावर उभा आहे, गाडी सुटायच्या आधी.