गायस व्हिलोसस

पश्चिम ऑस्ट्रेलियातील गहूपट्ट्यात जमिनीत बीळ करून राहणारा झाकणकोळी. इडिओपिडी कुलातील या जातीचे शास्त्रीय वर्णन रेनबो यांनी १९१४ मध्ये केले.

मादी पिलू असताना खणलेल्या बिळातच सारे आयुष्य काढते आणि वाढीबरोबर तेच रुंद करत जाते. बिळाला आतून रेशमाचे अस्तर असते. तोंडावरचे झाकण एका कडेने पक्के जोडलेले असून उघडते-मिटते. तोंडाभोवती मादी काटक्या व पाने रेशमाने चिकटवून बाहेरच्या दिशेला पसरते. रात्री ती झाकणाआड दबा धरून बसते. मुंगी किंवा वाळवी काटकीला अडखळली की तो हादरा तिच्या पायांपर्यंत पोहोचतो आणि भक्ष्य क्षणात आत ओढले जाते. बचावाची सोयही विलक्षण आहे. अस्तराचा एक भाग पायमोज्यासारखा सैल असतो. शत्रू आत शिरलाच तर मादी तो खाली ओढते, वाट मिटते आणि ती त्याखाली सुरक्षित राहते. नर प्रौढ झाल्यावर बीळ सोडून मादीच्या शोधात फिरतो व त्यानंतर फार काळ जगत नाही.

बार्बरा यॉर्क मेन यांनी १९७४ मध्ये नॉर्थ बंगुला राखीव क्षेत्रात या कोळ्यांची बिळे क्रमांक देऊन नोंदवायला सुरुवात केली. त्यांतील १६ क्रमांकाची मादी ४३ वर्षे जगली. इतके दीर्घायुष्य लाभलेल्या कोळ्याची याआधी नोंद नव्हती. २०१६ च्या ऑक्टोबरअखेरीस तिच्या झाकणाला भोक पडलेले व बीळ ओसाड दिसले. परोपजीवी गांधीलमाशीने तिचा बळी घेतला असावा. चार दशके एकाच बिळावर नजर ठेवण्याची मेन यांची चिकाटी नसती, तर हे आयुर्मान कळलेच नसते.

निलगिरी, सुरूवर्गीय झाडे व झुडपे यांचे विरळ, कोरडे रान हा या जातीचा अधिवास. खाली पडणारा पालापाचोळा व काटक्या यांवर तिची शिकार अवलंबून असते. गव्हाच्या शेतीसाठी यांतील बहुतेक रान तोडले गेले. उरले ते शेतांनी वेढलेले तुकडे. पिले जन्मस्थानापासून फार दूर जात नाहीत. त्यामुळे एखाद्या तुकड्यातील वस्ती नष्ट झाली, तर ती बाहेरून पुन्हा भरून येणे जवळजवळ अशक्य असते.