‘अछूत कन्या’ला मरावेच का लागले?



वर्ध्यातल्या एका विहारात आम्ही मुलामुलींसोबत ‘अछूत कन्या’ हा १९३६ सालचा सिनेमा पाहिला. संपल्यावर नववीतल्या एका मुलीने विचारले, “शेवटी तीच का मेली?”

उत्तरासाठी आधी निर्माता पाहावा लागेल. हिमांशू राय हे सधन बंगाली घराण्यातले. त्यांची कारकीर्द घडली ती जर्मन कंपन्यांच्या साथीने. म्युनिकच्या एमेल्का कंपनीसोबत १९२५ साली त्यांनी ‘प्रेम संन्यास’ हा मूकपट काढला. दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन, तंत्रज्ञ जर्मन, भांडवल भारतीय आणि सिद्धार्थ गौतमाच्या भूमिकेत खुद्द राय. म्हणजे आपल्या धम्मदीक्षेच्या ३१ वर्षे आधी तथागत युरोपच्या पडद्यावर पोचले होते! मात्र गोष्ट एडविन आर्नल्डच्या काव्यावरची, राजपुत्राच्या वैराग्याची. बाबासाहेबांनी पुढे मांडलेला समतेचा बुद्ध तो नव्हे.

पुढे ‘शिराझ’ आणि ‘प्रपंच पाश’ झाले, त्यात बर्लिनची उफा कंपनी भागीदार होती. मग बोलपट आले, १९३३ साली हिटलर आला आणि ती वाट बंद झाली. राय यांनी १९३४ साली मालाडला बॉम्बे टॉकीज उभारली. ऑस्टेन आणि कॅमेरामन योसेफ विर्शिंग तिथेही सोबत होतेच.

आता १९३६ साल नीट पाहा. जातपात तोडक मंडळाने लाहोरची परिषद रद्द केली, तेव्हा बाबासाहेबांनी ‘अ‍ॅनिहिलेशन ऑफ कास्ट’ स्वखर्चाने छापले. घाव थेट धर्मशास्त्रांवर होता. मेअखेरीस दादरच्या नायगावात मुंबई इलाखा महार परिषद भरली आणि धर्मांतराचा निर्धार झाला. इकडे आपल्या वर्ध्याजवळच्या शेगावात (आजचे सेवाग्राम) गांधीजी राहायला आले. त्यांचा मार्ग हृदयपरिवर्तनाचा, सवर्णांच्या प्रायश्चित्ताचा.

मालाडचा सिनेमा यातल्या कोणत्या बाजूचा? रेल्वे फाटकावरचा अस्पृश्य दुखिया साप चावलेल्या ब्राह्मण मोहनचे विष तोंडाने शोषून काढतो. पुढे दुखिया आजारी पडतो, मोहन त्याला घरी आणतो, तर गाव मोहनचे घर पेटवते. हे दाखवणे त्या काळी धाडसाचे होते, ते आम्ही नाकारत नाही. पण दोष कोणाचा? अडाणी गावकऱ्यांचा, कुजकट वैद्याचा. शास्त्रांना धक्का नाही. मोहनच्या मुलावर प्रेम करणारी कस्तुरी इतरांना वाचवायला गाडीपुढे धावते आणि मरते. तिची समाधी बांधतात. ही कथा आपल्याला सांगितली जाते तीसुद्धा फाटकापाशी मोटार थांबलेल्या एका शहरी जोडप्याच्या निमित्ताने. प्रेक्षक म्हणून कोण डोळ्यांपुढे होते, ते यावरून कळते.

आणखी एक. ज्या ऑस्टेनने अस्पृश्यतेवरचे हे अश्रू चित्रित केले, तो त्याच १९३६ साली नाझी पक्षाचा सदस्य झाला. महायुद्ध सुरू होताच इंग्रजांनी त्याला अटक केली. दुसऱ्याच्या देशातली उच्चनीचता पाहून हळहळणे फारसे अवघड नसते, मग तो माणूस म्युनिकचा असो की मुंबईचा.

नायगावच्या परिषदेतले लोक आणि कस्तुरी एकाच सालातले. ते गावकुसाबाहेरचा धर्म सोडायला निघाले होते. कस्तुरीला मात्र पटकथेत रुळांशिवाय दुसरी वाट लिहिलेली नव्हती. त्या मुलीला आम्ही एवढेच सांगितले. मग तिने विचारले, “नायगाववर सिनेमा आहे का?”