बुद्धिबळपटु मीर सुलतानखान

१९५० सालीं जागतिक बुद्धिबळ संघटनेनें ‘ग्रँडमास्टर’ ही पदवी प्रथमच रीतसर दिली, तेव्हां तिच्या यादींत २७ हयात खेळाडूंचीं नांवें होतीं. त्यांत पोलंडचे अकिबा रुबिनस्टाइन होते. मनाच्या व्याधीमुळें ते १९३२ पासूनच पटापासून दूर झाले होते; तरी त्यांचा गतकाळचा पराक्रम ध्यानांत घेऊन त्यांना ही पदवी देण्यांत आली, आणि ती योग्यच होती. टार्टाकोवर होते, फ्लोर होते. या तिघांनाहि ज्यानें हरविलें होतें असा एक मनुष्य त्या वर्षीं पंजाबांत, सरगोध्याच्या बाजूस, शेतीवाडी पाहून राहत होता. त्याचें वय पन्नाशीच्याहि आंतलें होतें. यादींत त्याचें नांव नव्हतें.

मीर सुलतानखान यांचा जन्म १९०३ च्या सुमारास मिठा तिवाणा या गांवीं झाला. वयाच्या नवव्या वर्षीं वडिलांनीं त्यांना बुद्धिबळ शिकविलें, परंतु तें देशी पद्धतीचें. या पद्धतीचा डाव ज्यांनीं वडीलधाऱ्यांच्या ओसरीवर पाहिला असेल त्यांना तिचें रूप सांगावयास नको. तींत प्यादें आरंभींहि एकच घर चालतें. किल्लेकोट नाहीं, त्याऐवजीं राजाला एकदां घोड्याची चाल मिळते. आणि पलीकडच्या टोकाला पोंचलेलें प्यादें हवें तें मोहरें होत नाहीं, ज्याच्या घरांत पोंचेल तेंच होतें. असा डाव संथ चालतो. दोन्हीं सैन्यें आपापल्या जागीं नीट बसेपर्यंत चकमकीला तोंड लागत नाहीं. उलट युरोपीय डावांत पहिल्या दहा खेळ्यांतच जय-पराजयाचें बीज पडतें, आणि त्या दहा खेळ्यांवर तेथें ग्रंथांचे ग्रंथ लिहिलेले आहेत. सुलतानखान या विद्येपासून अगदींच अलिप्त होते.

सर उमर हयातखान तिवाणा या बड्या जमीनदारांनीं त्यांना आश्रय दिला आणि युरोपीय पद्धत शिकविली. १९२८ सालीं अखिल भारतीय स्पर्धेंत ८ डाव जिंकून व एक बरोबरींत सोडवून ते पहिले आले. पुढच्याच वर्षीं सर उमर यांची लंडन येथें भारतमंत्र्यांच्या मंडळावर नेमणूक झाली आणि त्यांच्या परिवाराबरोबर सुलतानखानहि तेथें गेले. सरावासाठीं भरविलेल्या एका लहानशा स्पर्धेंत ते अखेरच्या जागीं राहिले. विंटर आणि येट्स या इंग्रज खेळाडूंनीं मग त्यांच्याबरोबर बसून तयारी करून घेतली. आणि त्याच उन्हाळ्यांत, रॅम्सगेट येथें, या नवख्या माणसानें ब्रिटिश अजिंक्यपद पटकाविलें. १९३२ व १९३३ सालींहि तें त्यांच्याकडेच आलें.

पण अजिंक्यपदांपेक्षां एका डावाची आठवण अधिक टिकली आहे. १९३०-३१ च्या हेस्टिंग्ज येथील स्पर्धेंत त्यांची गांठ कापाब्लांका यांच्याशीं पडली. कापाब्लांका यांनीं जगज्जेतेपद गमावून तेव्हां तीन वर्षें झालीं होतीं, तरी त्यांना हरविणें ही दुर्मिळ गोष्ट होती. पांढरीं मोहरीं सुलतानखान यांच्याकडे होतीं. त्यांनीं किल्लेकोट केलाच नाहीं. कापाब्लांकांचे दोन हत्ती पांढऱ्याच्या गोटांत घुसले, तेव्हां त्यांनीं राजाला एक घर पुढें सरकविलें, आपला वजीर देऊन ते दोन्ही हत्ती घेतले, आणि पटाच्या मध्याजवळ उघड्यावर आलेला तो राजा घेऊन स्वस्थपणें डाव पुढें चालविला. मग घाई नाहीं, हल्ला नाहीं; नुसता दाब. ६५ व्या खेळीला डाव संपला. जाणते कांहींहि म्हणोत, राजा उघडा पडला असतां न डगमगणारा हा धीर आम्हांला तरी देशी पटावरच मुरलेला वाटतो. खुद्द कापाब्लांका यांनीं पुढें लिहितांना सुलतानखान यांच्या प्रतिभेला असामान्य म्हटलें, आणि ग्रंथांच्या आधाराशिवाय ती इथवर आली याचें विशेष नवल केलें.

१९३१ सालीं प्राग येथें ते इंग्लंडच्या संघांत पहिल्या पटावर बसले. रुबिनस्टाइन व फ्लोर हरले. अलेखिन हे त्या वेळचे जगज्जेते, त्यांच्याशीं बरोबरी झाली. त्याच वर्षीं टार्टाकोवर यांच्याशीं झालेला १२ डावांचा सामना त्यांनीं एका गुणानें जिंकला. हें सगळें चाललें असतां हिंवताप आणि सर्दी-पडसें त्यांचा पिच्छा सोडीत नव्हतीं; विलायतेची थंडी त्यांना कधींच मानवली नाहीं आणि पुष्कळदां ते गळ्याभोंवतीं पट्टा गुंडाळूनच खेळावयास बसत.

अमेरिकन खेळाडू रूबेन फाइन यांनीं १९३३ सालची एक हकीकत लिहून ठेविली आहे. अमेरिकेच्या संघाला सर उमर यांच्या लंडनमधील घरीं भोजनाचें निमंत्रण होतें. तेथें पाहतात तों सुलतानखान पाहुण्यांना वाढीत आहेत! ज्यांच्यासमोर पटावर बसणें हा मान, त्यांच्या हातून ताट घेतांना पाहुणे ओशाळले. या व अशा वर्णनांवर सुलतानखान यांच्या नातीनें अलीकडे जाहीर आक्षेप घेतला आहे: आजोबा निरक्षर नव्हते, आणि त्यांना नोकर म्हणणें हा अन्याय आहे. हा आक्षेप आम्हांला वजनदार वाटतो. आपल्याकडील संस्थानांत गवई व पहिलवान जसे पदरीं असत, तसें हें नातें असावें. ‘आश्रित’ या आपल्या शब्दाची छटा इंग्रजी कानाला कळणें कठीण. परंतु शब्द कोणताहि घ्या, एक गोष्ट बदलत नाहीं. त्याच घरांतील फातिमा या तरुणीनें १९३३ सालीं महिलांचें ब्रिटिश अजिंक्यपद मिळविलें. आणि त्या वर्षाच्या डिसेंबरांत सर उमर मायदेशीं परतले, तेव्हां सुलतानखान यांनाहि परतावें लागलें. तीस वर्षांचें वय, खेळ ऐन भरांत, आणि जाण्या-राहण्याचा निर्णय दुसऱ्याच्या हातीं!

येथें आल्यावर १९३५ सालीं त्यांनीं आपल्याकडील व्ही. के. खाडिलकर यांच्याशीं १० डावांचा सामना खेळला. ९ डाव जिंकले, एक बरोबरींत सुटला. त्यानंतर युरोपच्या बुद्धिबळ-जगताला त्यांची वार्ता कळली नाहीं. मुलांना त्यांनीं हा खेळ शिकविला नाहीं. आयुष्याचें याहून कांहीं उपयोगी करा, असें ते सांगत, अशी आठवण त्यांच्या ज्येष्ठ पुत्रानें सांगितली आहे. १९६६ च्या एप्रिलांत सरगोधा येथें क्षयानें त्यांचा अंत झाला.

२०२४ च्या फेब्रुवारींत जागतिक संघटनेनें त्यांना सन्माननीय ग्रँडमास्टर ही पदवी दिली. ती पाकिस्तानच्या तत्कालीन काळजीवाहू पंतप्रधानांच्या हातीं देण्यांत आली.