निपाणीची तंबाखू : शेत, वखार आणि हक्क

कोल्हापूर आणि कागल मागे टाकून पुणे-बंगळूर हमरस्त्याने दक्षिणेकडे निघालेल्या प्रवाशाला राज्याची सीमा ओलांडताच जे पहिले मोठे गाव लागते, ते निपाणी. वेदगंगा आणि दूधगंगा यांच्या खोऱ्यांतील काळ्या जमिनीचा हा मुलूख. येथे दुसऱ्या बाजीरावाच्या अमदानीत सरलष्कर सिद्धोजीराव नाईक-निंबाळकर, म्हणजेच आप्पा देसाई निपाणकर, यांचा मोठा दबदबा होता. त्यांच्या मृत्यूनंतर 1839 मध्ये औरस वारस नसल्याचे निमित्त करून इंग्रजांनी जहागीर खालसा केली. सरंजाम बुडाला, परंतु बाजारपेठ टिकली, आणि पुढे विडीच्या तंबाखूने त्या बाजारपेठेला असे वैभव दिले की, सरलष्करांचे नाव इतिहासाच्या अभ्यासकांपुरते उरले आणि निपाणीचे नाव मात्र दूरदूरच्या विडीकारखानदारांच्या तोंडी झाले.

या वैभवाचा पाया शेतकऱ्याच्या कष्टावर होता. पावसाळा ओसरू लागला की रोपांची लावण करावयाची, झाड वाढीला लागले की त्याचा शेंडा खुडावयाचा, मग पानात जोम राहावा म्हणून बगलेतील फुटवे पुनःपुन्हा काढत बसावयाचे, आणि थंडी सरताना कापलेली झाडे रानातच उन्हात पसरून वाळवावयाची. इतक्या सायासांनंतर पानावर उठलेल्या ठिपक्यांवरून त्याची प्रत ठरे, आणि ती ठरविण्याचा अधिकार पिकविणाऱ्याचा नसून घेणाऱ्याचा असे. हे पीक घरात खाता येत नाही की गुरांपुढे टाकता येत नाही. म्हणून हंगामापूर्वी ज्याच्याकडून उचल घेतली त्याच व्यापाऱ्याच्या दारी माल नेऊन घालणे शेतकऱ्याला भाग पडे. तशात 1943 पासून तंबाखूवर अबकारी कर बसला आणि परवाना, वजन व नोंदवही यांचा अंमल थेट खळ्यापर्यंत पोहोचला. कच्च्या तंबाखूवरील तो कर 1979 च्या अंदाजपत्रकात तेव्हाचे केंद्रीय अर्थमंत्री चरणसिंग यांनी उठविला. भाव कोणी ठरवावा, हा प्रश्न मात्र होता तेथेच राहिला.

शेतातून निघालेली तंबाखू वखारीत येई आणि तेथे ती बायकांच्या हाती पडे. पाला कुटणे, चाळणे, काड्या वेगळ्या करणे, जरदा आणि चुरा निवडणे ही कामे बंदिस्त जागेत, उडत्या धुळीत चालत. नाकातोंडाला पदर बांधूनही खोकला आणि शिंका यांपासून सुटका नसे. दुसरीकडे घराच्या उंबऱ्याशी मांडीवर सूप घेऊन बसलेल्या स्त्रिया भिजविलेली तेंदूची पाने कात्रीने साच्याबरहुकूम कापीत आणि हजारावर मजुरी मिळणाऱ्या विड्या वळीत. त्यांतील कित्येक विड्या वाईट ठरवून छाटल्या जात आणि तेवढे श्रम व्यर्थ जात. या कष्टकऱ्यांत दलित स्त्रिया होत्या, देवदासी होत्या, पतीने टाकलेल्या होत्या. विडी कामगारांसाठी 1966 मध्ये कायदा झाला होता. परंतु त्यातील हक्क प्रत्यक्षात मिळण्यास संघटनेची गरज होती.

ती संघटना प्रा. सुभाष जोशी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी सत्तरीच्या दशकाअखेरीस उभी केली, आणि ज्या बायका मालकासमोर मान वर करीत नसत त्या मोर्चाच्या अग्रभागी चालू लागल्या. अनिल अवचट यांनी या कामगारांची स्थिती मराठी वाचकांसमोर मांडली, तर ‘युगांतर’ या स्त्रियांच्या चित्रपटगटाने त्यांच्या लढ्यावर माहितीपट केला. पुढे 1981 च्या मार्चमध्ये शेतकरी संघटनेचे नेते शरद जोशी यांच्या नेतृत्वाखाली तंबाखूच्या भावासाठी हजारो शेतकरी हमरस्त्यावर येऊन बसले; तीन आठवड्यांहून अधिक काळ तो रस्ता हेच त्यांचे घर झाले. 6 एप्रिल रोजी पोलिसांनी गोळीबार केला आणि बारा शेतकऱ्यांचे प्राण गेले. या घटनाक्रमातील सर्वांत मोलाची गोष्ट मला ही वाटते की, वखारीतील बायका या वेळी शेतकऱ्यांच्या पाठीशी उभ्या राहिल्या. पिकाचा भाव आणि कामाची मजुरी या दोन्ही गोष्टी एकाच गादीवरून ठरतात, हे सत्य शेताने आणि वखारीने मिळून ओळखले, तो निपाणीच्या इतिहासातील थोर क्षण होय.

एका मालावर जगणाऱ्या गावांची कथा देशोदेशी सारखी असते. वेल्सच्या दऱ्यांतील खाणकऱ्यांनी आपल्या मजुरीतून वर्गणी कापून वाचनालये उभारली आणि 1984-85 मध्ये वर्षभर संप लढविला. तरी खाणी एकामागून एक बंद पडल्या. निपाणीवर असा एकाएकी घाला आला नाही. विडीची मागणी ओसरत गेली, आरोग्यासंबंधीचे निर्बंध आले, पाणी आले तेथे ऊस आणि अन्यत्र सोयाबीन तंबाखूच्या रानात शिरले. त्यात राज्यसीमेचे दुखणे वेगळेच. 1 नोव्हेंबर 1956 रोजी हा मराठी मुलूख म्हैसूर राज्यात, म्हणजे आजच्या कर्नाटकात, गेला. सीमाप्रश्नासाठी नेमलेल्या महाजन आयोगानेसुद्धा निपाणी महाराष्ट्राला द्यावी असे सुचविले, पण ते घडले नाही. गावाचे देवचंद महाविद्यालय अर्जुननगरला, म्हणजे कागल तालुक्यात, महाराष्ट्राच्या हद्दीत आहे. शिकावयास एका राज्यात आणि महसूल भरावयास दुसऱ्या राज्यात, असा हा संसार आहे.

तंबाखूने माणसाच्या छातीचे जे नुकसान केले ते पाहता तिचा व्यापार आटला याचे दुःख करण्याचे कारण नाही. दुःख व्हावे ते त्या श्रमाची नोंद पुसली जात आहे याचे. वेल्समधील ब्लेनाव्हनची ‘बिग पिट’ ही खाण 1980 मध्ये बंद पडली आणि तीनच वर्षांत तेथे संग्रहालय उघडले. जुने खाणकरीच पाहुण्यांना जमिनीखाली नेऊन आपल्या कामाची माहिती सांगू लागले. निपाणीतही एखादी जुनी वखार राखता येईल, मजुरीची पुस्तके आणि उचलीच्या वह्या जमविता येतील, आणि ज्या आज्या आजही विड्या वळतात त्यांच्या तोंडून सारी हकीकत लिहून घेता येईल. सरलष्करांचा वाडा गावाच्या सत्तेची साक्ष देतो. गावाच्या श्रमाची साक्ष देणारी माणसे हयात आहेत तोवर हे काम नगरपालिकेने, महाविद्यालयाने आणि संघटनांनी मिळून हाती घ्यावे.