नायगावचं कानपूर

'भाभीजी घर पर हैं'मधल्या सक्सेनाचे रील्स तुम्ही पाहिले असतीलच. गडी विजेच्या तारेला हात लावतो, झटका बसतो आणि तो खूश होऊन म्हणतो, 'आय लाइक इट!' मालिकेत हे घडतं कानपूरच्या मॉडर्न कॉलनीत. पण २०१५ साली अँड टीव्हीवर सुरू झालेल्या या मालिकेचं शूटिंग वर्षानुवर्षं झालं ते आमच्या वसई तालुक्यात, नायगावच्या सेटवर.

सानंद वर्माने साकारलेला हा अनोखेलाल सक्सेना मला गंमतीपुरता वाटत नाही. तर्काला फाट्यावर मारणारा विनोद आपल्याकडे आधी प्रायोगिक रंगभूमीवर रुजला. सतीश आळेकरांच्या 'महानिर्वाण'मध्ये (१९७४) मेलेला माणूसच कीर्तन करतो. पण ते पाहायला ठरावीक प्रेक्षक जायचे. टीव्हीवर असला वेडेपणा बीबीसीने १९६९मध्येच आणला होता. 'मॉन्टी पायथॉन्स फ्लाइंग सर्कस'मधली प्रहसनं शेवटाची वाट न पाहता मध्येच सोडून दिली जायची.

दूरदर्शनवर १९८९मध्ये जसपाल भट्टींचा 'फ्लॉप शो' आला. भाग फक्त १०. विद्यार्थ्याला घरकामाला जुंपणारा पीएचडीचा गाइड, कंत्राटदार, डॉक्टर असे सगळे त्यात सापडले. प्रसंग कितीही अचाट असला, तरी चिमटा कुणाला काढलाय ते कळायचं.

सक्सेना मात्र कुणालाच चिमटा काढत नाही. मार खातो, खूश होतो, पुढच्या भागात पुन्हा हजर. भट्टींपासून इथवर येताना भारतीय टीव्हीवरचा विक्षिप्तपणा प्रायोगिक राहिला नाही, घरोघरी रोजचा झाला. वाटेत त्याचा राग मात्र गळून पडला.

मी विरारचा, म्हणून हे जास्त टोचतं. जुलै २०१८मध्ये नालासोपाऱ्याचे रूळ पाण्याखाली गेले, लोकल बंद पडल्या. पाणी ओसरल्यावर आम्ही पुन्हा त्याच गर्दीत दारात लटकलो आणि त्यावर जोक फॉरवर्ड केले. विरार लोकलचे धक्के खाऊन वर त्याचा अभिमान बाळगणारे आम्ही सक्सेनाचे सख्खे शेजारीच.

हसल्याने दिवस निघतो, हे खरंच. मीही हसतो. पण भट्टी असते तर त्यांचा कॅमेरा झटका खाणाऱ्यावर थांबला नसता. तार उघडी कुणी ठेवली, तिकडे तो वळला असता.