पाथरीचा गुलाम आणि त्याचे राज्य

इ. स. पूर्व ७३ मध्ये स्पार्टाकसने उभारलेले बंड दोन वर्षांत मोडून रोमने सहा हजार बंडखोर गुलामांना अॅपियन मार्गावर क्रुसावर चढविले. परंतु दक्षिणेत दास्याचा इतिहास निराळ्या वाटेने गेला, आणि त्या वाटेचा आरंभ परभणी जिल्ह्यातील पाथरी परगण्याशी जोडलेला आहे. इतिहासकार फेरिश्ता लिहितो की, पाथरीच्या कुलकर्ण्यांच्या वंशातील एक ब्राह्मणपुत्र विजयनगरच्या स्वारीत बहमनी फौजेच्या हाती सापडला, धर्मांतरानंतर मलिक हसन या नावाने शाही गुलामांत वाढला आणि पुढे सल्तनतीच्या वजिरीपर्यंत चढला. त्याचाच पुत्र अहमद याने १४९० मध्ये निजामशाहीची स्थापना केली. अहमदचा पुत्र बुऱ्हाण याने पूर्वजांच्या या गावासाठी वऱ्हाडच्या इमादशाहीशी युद्ध मांडले, आणि पाथरी जिंकून ती आपल्या ब्राह्मण आप्तांना इनाम दिल्याचेही तोच इतिहासकार सांगतो. त्याच निजामशाहीचा अखेरचा समर्थ रक्षक, १६२६ पर्यंत मोगलांना झुंजविणारा मलिक अंबर, हाही विकत घेतलेला हबशी गुलामच होता. मात्र शस्त्र आणि दरबार यांच्या द्वारे काही मोजके गुलाम सत्तेवर पोहोचले, म्हणून गुलामगिरी संपली नाही. रोममध्ये दासांनी व्यवस्थेविरुद्ध शस्त्र उचलले, तर येथे व्यवस्थेने पराक्रमी दासांना आपल्यात सामावून घेऊन स्वतःचेच आयुष्य वाढविले.