खाणकामगारांची गायिका आणि चित्रपट

चित्रपटातील गाणे म्हटले की आपल्या मनात करमणुकीची कल्पना येते. परंतु गाण्याला इतिहासाचा साक्षीदार म्हणता येईल काय? या प्रश्नाच्या विचारासाठी आम्ही आज एका अमेरिकन गायिकेचे उदाहरण आपल्यापुढे ठेवीत आहोत.

हेझल डिकन्सबाईंचा जन्म वेस्ट व्हर्जिनिया राज्यातील कोळशाच्या मुलखात झाला. भावंडे ११, वडील धर्मोपदेशक, परंतु चरितार्थासाठी खाणींना लागणारे लाकूड वाहणारे. पुढे बाईंनी बाल्टिमोर शहर गाठले व तेथे कारखान्यात काम केले. बँजो, फिडल व मँडोलिन यांच्या साथीने गायिल्या जाणाऱ्या 'ब्लूग्रास' संगीतात तेव्हा पुरुषांचेच राज्य होते. अशा काळात, १९६५ साली, डिकन्सबाई व अ‍ॅलिस जेरार्ड या दोघींनी आपली ध्वनिमुद्रिका काढली.

कोळशाच्या धुळीने फुप्फुसे निकामी होऊन बाईंचा एक भाऊ दगावला. त्या दुःखातून 'ब्लॅक लंग' हे गाणे जन्मास आले.

१९७३ साली केंटकी राज्यातील हार्लन परगण्यात ब्रुकसाइड खाणीच्या कामगारांनी संप पुकारला. बार्बरा कॉपल या दिग्दर्शिकेने कॅमेरा घेऊन तेथे मुक्काम केला. एका तरुण कामगाराचा गोळी लागून बळी गेला, त्यानंतरच १९७४ साली करार झाला. 'हार्लन काउंटी, यू.एस.ए.' हा त्यावरील माहितीपट १९७६ साली निघाला व त्यास ऑस्कर पारितोषिक मिळाले. त्यात डिकन्सबाईंची गाणी आहेत.

१९८७ च्या 'मेटवान' या कथापटात तर बाई स्वतः दिसतात. १९२० साली मेटवान गावी खाणमालकांचे हस्तक व गावकरी यांच्यात गोळीबार होऊन १० माणसे मेली, त्यावर हा चित्रपट आधारलेला आहे. त्यातील दफनविधीच्या प्रसंगी बाई गातात. २००० सालच्या 'साँगकॅचर' या चित्रपटाचा तर विषयच डोंगराळ मुलखातील लोकगीतांचा संग्रह हा आहे. त्यातही त्या गाताना दिसतात.

यावर कोणी म्हणेल, कथापटातला प्रसंग रचलेला, नटांचे अश्रू खोटे. त्याला इतिहास कसे म्हणावे? आक्षेप रास्त आहे. संपाची तारीख, कराराची कलमे, मृतांचा आकडा यांसाठी कागदपत्रेच पाहिली पाहिजेत. गाणे तेथे उपयोगी नाही. परंतु घरातल्या कर्त्या माणसाला श्वास घेता येत नाही आणि आपण उशाशी नुसते बसून आहोत, हे कोणत्या दप्तरात नोंदलेले असते? ती नोंद गाणे करते. रचलेल्या प्रसंगात बाईंचा आवाज तेवढा रचलेला नसतो. त्यामागे भोगलेले आयुष्य असते.

२००१ साली खुद्द डिकन्सबाईंवर माहितीपट निघाला. २०११ साली त्या निवर्तल्या. हे चित्रपट पाहण्याचा योग आपणांस आला, तर गाणे सुरू होताच आसन सोडून बाहेर जाऊ नये, एवढीच आमची विनंती आहे.